सुनील जाना यांची दुष्काळचित्रे : छायाचित्र-साधनाची एक चिकित्सा

अलीकडे पदव्युत्तर वर्गाच्या प्रबंधांतून छायाचित्रे जोडण्याचा प्रघात वाढला आहे. त्याबद्दल तक्रार करण्याचे कारण नाही. परंतु पेशवे दफ्तरातील एखाद्या पत्राची मिती, हस्ताक्षर, शिक्का व मायना तपासल्याशिवाय त्यातील एक ओळही जो विद्यार्थी स्वीकारणार नाही, तोच विद्यार्थी एखाद्या अस्थिपंजर बालकाचे चित्र कोठून तरी उतरवून घेतो, त्याखाली ‘बंगालचा दुष्काळ, १९४३’ एवढी अक्षरे लिहितो आणि पुढच्या पानाकडे वळतो. चित्र कोणी काढले, कोणत्या जिल्ह्यात काढले, ते प्रथम कोठे छापले गेले आणि त्यातील मूल कोणाचे, यांपैकी एकही प्रश्न त्याला पडत नाही. कै. राजवाडे यांनी घालून दिलेली साधनचिकित्सेची शिस्त कागदापुरतीच आहे, अशी काहीशी समजूत यामागे असावी. प्रस्तुत लेखात ती शिस्त एका छायाचित्रकाराच्या कामाला लावून पाहण्याचा विचार आहे. हा छायाचित्रकार म्हणजे सुनील जाना. १९४३ च्या बंगालची जी चित्रे आज पुस्तकांतून सर्रास आढळतात, त्यांपैकी पुष्कळशी त्यांची आहेत. आणि ती जगापुढे आली त्या साप्ताहिकाचे कार्यालय मुंबईत होते.

भारतातील दुष्काळाचे छायाचित्रण जानांपासून सुरू होत नाही, हे प्रथम सांगितले पाहिजे. १८७६ ते १८७८ या काळातील मोठ्या दुष्काळात मद्रासच्या घोडदळातील एक अधिकारी विलोबी वॉलेस हूपर याने उपासमारीने खंगलेल्या माणसांचे गट यंत्रासमोर बसवून त्यांची चित्रे घेतली. ती पाहताना मन विषण्ण होते. परंतु त्याहूनही अधिक खटकते ती त्यांची मांडणी. लग्नप्रसंगी कुटुंबाचे चित्र काढावे तशी माणसे ओळीने, उंचीप्रमाणे, पुढे-मागे रचलेली आहेत. चित्र काढून झाल्यावर त्यांना अन्न न देताच परत पाठविले जात असे, असाही प्रवाद हूपरविषयी होता. त्याची सत्यता कशीही असो, याच गृहस्थाने पुढे १८८६ मध्ये ब्रह्मदेशात बंदिवानांना गोळ्या घालण्याचा नेमका क्षण टिपण्यासाठी यंत्र लावून ठेवले व त्यावरून त्याची चौकशी झाली, हे मात्र नमूद आहे. हूपरची चित्रे संग्रहवह्यांत गेली. ज्यांची ती होती त्यांच्यापर्यंत ती पोहोचण्याचा संभव नव्हता आणि तसा कोणाचा उद्देशही नव्हता.

त्याच दुष्काळात दख्खनमध्ये काय चालले होते याची येथे आठवण होते. पुणे सार्वजनिक सभेने जिल्ह्याजिल्ह्यांतून माहिती गोळा करून सरकारकडे दुष्काळविषयक वृत्तान्त एकामागून एक पाठविले. सर रिचर्ड टेंपल याने दुष्काळी कामावरील मजुराला दिवसाला एक रतल धान्याच्या हिशेबाने मजुरी ठरविली, तेव्हा तिच्याविरुद्ध सभेने आकड्यांनिशी तक्रार केली. १८७७ च्या आरंभी मुंबई इलाख्यातील मजुरांनी दुष्काळी कामे सोडून देऊन आपला निषेध प्रत्यक्ष कृतीने दाखविला. म्हणजे एकीकडे चित्र होते पण वाचा नव्हती, दुसरीकडे वाचा होती पण चित्र नव्हते. या दोहोंचा संयोग होण्यास पासष्ट वर्षे जावी लागली.

१९४३ च्या दुष्काळाची कारणे अभ्यासकांना परिचित असल्याने त्यांचा विस्तार करीत नाही. १९४२ मध्ये ब्रह्मदेश जपानच्या हाती गेला व तिकडून येणारा तांदूळ थांबला. शत्रूच्या उपयोगी पडू नयेत म्हणून किनाऱ्याकडील जिल्ह्यांतून तांदळाचे साठे उचलण्यात आले आणि दहा किंवा अधिक माणसे वाहून नेऊ शकणाऱ्या होड्या काढून घेण्यात आल्या किंवा निकामी करण्यात आल्या. ऑक्टोबर १९४२ मधील चक्रीवादळाने मेदिनीपूर जिल्हा उद्ध्वस्त झाला. युद्धखर्चाने भाव वाढले व ग्रामीण मजुराच्या मजुरीचे मोल उतरत गेले. अमर्त्य सेन यांनी १९८१ मध्ये दाखवून दिल्याप्रमाणे प्रश्न धान्याच्या एकूण साठ्याचा नव्हता इतका तो ते मिळविण्याच्या सामर्थ्याचा होता. वुडहेड आयोगाने १९४५ च्या अहवालात सुमारे १५ लाख मृत्यू धरले. नंतरचे अंदाज २० लाखांच्या पुढे, ३० लाखांपर्यंत व त्याहूनही वर जातात.

परंतु छायाचित्राच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट वेगळीच आहे. दुष्काळ-संहितेनुसार दुष्काळ जाहीर केला की सरकारवर विशिष्ट कर्तव्ये येऊन पडत. बंगालमध्ये १९४३ साली तशी घोषणा कधी झालीच नाही. जे घडत होते त्याला अधिकृत नाव नव्हते. अशा वेळी २२ ऑगस्ट १९४३ रोजी कलकत्त्याच्या ‘स्टेट्समन’ या इंग्रजांच्या मालकीच्या पत्राने, इयन स्टीफन्स संपादक असताना, रस्त्यावर मरणाऱ्या माणसांची छायाचित्रे छापली. ज्या गोष्टीचे नाव घेण्याचे सरकार टाळत होते ती गोष्ट डोळ्यांना दिसली. ऑक्टोबरात नवे व्हाइसरॉय वेव्हेल कलकत्त्यास गेले व मदतकार्यात सैन्य उतरले. केवळ चित्रांमुळे हे झाले असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. पण नाकारण्याची सोय चित्रांनी हिरावून घेतली, एवढे निश्चित म्हणता येते.

‘स्टेट्समन’ची ती चित्रे कलकत्त्याच्या पदपथावरची होती. खेड्यातून शहरापर्यंत चालत येण्याचे त्राण ज्यांच्यात उरले होते तेच त्यांत येऊ शकत होते. उरलेले कोठे होते, हे पाहण्यासाठी खेड्यात जाणे भाग होते. येथे जाना यांचा प्रवेश होतो.

सुनील जाना यांचा जन्म १९१८ मध्ये आसामात दिब्रुगड येथे झाला. ते वाढले कलकत्त्यात. सेंट झेवियर्स व प्रेसिडेन्सी या महाविद्यालयांत शिक्षण झाल्यावर ते इंग्रजी वाङ्मयाचा पदव्युत्तर अभ्यास करीत होते. विद्यार्थी-चळवळीत ते होते; छायाचित्रण हा हौसेचा भाग होता. कम्युनिस्ट पक्षाचे सरचिटणीस पूरणचंद जोशी दुष्काळी भागाच्या दौऱ्यावर निघाले, तेव्हा त्यांनी या पंचवीस वर्षांच्या तरुणाला अभ्यास सोडून बरोबर येण्यास राजी केले. चित्तप्रसाद भट्टाचार्य हे चित्रकारही या कामात होते. लेख जोशींचे, रेखाटने चित्तप्रसादांची व छायाचित्रे जानांची, अशी ही योजना होती. ती ‘पीपल्स वॉर’ या पक्षाच्या साप्ताहिकातून प्रसिद्ध होऊ लागली आणि लवकरच जाना मुंबईस सँडहर्स्ट रोडवरील पक्ष-कार्यालयात राहावयास आले.

मुंबईतील या वर्षांचे वातावरण ध्यानात घेतल्याखेरीज त्या चित्रांचा परिणाम समजणार नाही. मे १९४३ मध्ये मुंबईतच जननाट्य संघाची स्थापना झाली होती. विनय राय यांचे बंगालचे कलापथक गाणी व नाट्यप्रवेश घेऊन ठिकठिकाणी मदतनिधी गोळा करीत होते. अण्णाभाऊ साठे यांनी ‘बंगालची हाक’ हा पोवाडा रचला व तो गिरणगावातील श्रोत्यांपुढे गेला. साप्ताहिकाच्या निरनिराळ्या भाषांतील आवृत्त्यांपैकी मराठी आवृत्ती ‘लोकयुद्ध’ या नावाने निघे. जानांच्या दुष्काळचित्रांची टपालपत्रेही काढण्यात आली व मदतनिधीसाठी ती परदेशांतही विकली गेली. हूपरच्या चित्रांशी तुलना करावयाची ती येथे. चित्रातील देह तोच आहे : तीच फासळ्यांची जाळी, तेच फुगलेले पोट. परंतु हूपरचे चित्र वहीत मिटले गेले आणि जानांचे चित्र परळच्या कामगाराच्या खिशातून आणा काढण्यासाठी फिरले. साधनाचा अर्थ त्याच्या प्रवासावरून ठरतो, हे तत्त्व कागदपत्रांच्या बाबतीत आपण मान्य केलेलेच आहे.

मात्र हा प्रवास निर्हेतुक नव्हता, हेही तितक्याच स्पष्टपणे सांगावयास हवे. जर्मनीने १९४१ मध्ये रशियावर स्वारी केल्यानंतर कम्युनिस्ट पक्षाने युद्धाला लोकयुद्ध म्हटले. १९४२ च्या जुलैत त्यावरील बंदी उठली आणि ऑगस्टच्या आंदोलनापासून तो दूर राहिला. त्यामुळे दुष्काळाच्या प्रचारात साठेबाज, काळाबाजारवाले व नोकरशाही यांच्यावर जितका रोख होता तितका युद्धकालीन साम्राज्य-धोरणाच्या मुळावर नव्हता. ज्या धोरणाने होड्या गेल्या त्याचे चित्र काढणे अर्थात कठीण असते; भुकेल्या माणसाचे चित्र काढता येते. पण चित्राशेजारी जो मजकूर छापला जाई त्यानेच ‘हे कोणी केले’ या प्रश्नाचे उत्तर वाचकाला दिले, आणि ते उत्तर पक्षाच्या त्या वेळच्या भूमिकेच्या मापाचे होते. आज आपण चित्र मजकुरापासून कापून वापरतो, तेव्हा ही भूमिका नाहीशी होते व चित्र निष्पाप वाटू लागते. ‘पीपल्स वॉर’चे मूळ अंक उघडून त्या पानावर दुसरे काय छापले आहे हे पाहणे, ही अभ्यासकाची पहिली पायरी असली पाहिजे.

आता खुद्द चित्रांकडे वळू. जानांनी माणसे रचून बसविलेली नाहीत. ते बहुधा जवळ जातात. बसलेल्या वा पडलेल्या माणसाच्या पातळीवर यंत्र आणतात. पाहणाऱ्याला वरून खाली बघण्याची सवलत ते सहसा देत नाहीत. पुढील वर्षी, १९४४ मध्ये, ओरिसात घेतलेल्या एका चित्रात माणसे उरलेलीच नाहीत. उघड्यावर पडलेले सांगाडे आहेत. दफन-दहनाची व्यवस्थाही कोलमडली होती, ही गोष्ट त्या एका चित्राने जितकी कळते तितकी तक्त्यांवरून कळत नाही. या कामाचा त्यांना अभिमान मात्र नव्हता. मरणाऱ्यास साहाय्य करण्याऐवजी त्याचे चित्र घेत उभे राहावे लागले याची बोच त्यांनी पुढे अनेक वर्षांनी बोलून दाखविली आहे. ही प्रतिक्रिया आम्हाला प्रामाणिक वाटते. हूपरच्या वृत्तीशी तिचा असलेला विरोध सांगावयास नकोच.

तरीही एक उणीव राहतेच, आणि ती लहान नाही. जानांच्या पुष्कळ चित्रांखाली माणसाचे नाव नाही. आई आहे, मूल आहे, वृद्ध आहे, निराश्रितांची रांग आहे. अमुक गावचा अमुक, हे नाही. वेळ नव्हता, माणसे बोलण्याच्या स्थितीत नव्हती, ही कारणे समजण्यासारखी आहेत. परंतु याच दौऱ्यांतील चित्तप्रसादांची रेखाटने शेजारी ठेवली म्हणजे फरक डोळ्यांत भरतो. नोव्हेंबर १९४३ मध्ये मेदिनीपूर जिल्ह्यात फिरून त्यांनी ‘हंग्री बेंगॉल’ ही पुस्तिका केली. तिच्यातील कित्येक रेखाटनांबरोबर त्या माणसाचे नाव येते, तो काय करीत होता हे येते, घरातील कोण गेले हे येते. चित्र रेखाटावयास वेळ लागतो. तेवढ्या वेळात चित्रकार समोरच्या माणसाशी दोन शब्द बोलतो. यंत्राला तेवढा वेळ लागत नाही. अस्सलतेच्या बाबतीत आपण छायाचित्राला रेखाटनापेक्षा वरचे स्थान देतो, पण येथे हाताने काढलेले चित्रच अधिक पक्का दस्तऐवज ठरते. सरकारलाही ते जाणवले असावे : साप्ताहिक निघत राहिले, पण ‘हंग्री बेंगॉल’च्या प्रती जप्त करून नष्ट करण्यात आल्या. ५,००० प्रती छापल्या होत्या असे सांगतात. वाचलेल्या प्रतीवरून २०११ मध्ये तिचे पुनर्मुद्रण झाले.

नाव नसल्याने काय बिघडते, असा प्रश्न कोणी विचारील. शोकभावनेच्या दृष्टीने कदाचित काहीच नाही. इतिहासाच्या दृष्टीने पुष्कळ. त्या काळीच झालेल्या पाहण्यांवरून दिसते की दुष्काळाने सर्वांना सारखे मारले नाही. भूमिहीन शेतमजूर, कोळी, नावाडी व वाहतुकीवर जगणारे लोक, भात कांडून पोट भरणाऱ्या स्त्रिया, यांच्यावर आघात सर्वांत भारी पडला. ज्याच्याजवळ स्वतःची थोडी जमीन होती तो ती विकून काही महिने तगला. ज्याची होडीच नेली होती त्याच्याजवळ विकावयास काय होते? छायाचित्रात मात्र हे सर्वजण एकाच देहाचे होतात. भूक माणसाचा धंदा, जात, गाव पुसून टाकते, आणि चित्राखालचे ‘बंगाल’ हे एकच नाव उरलेसुरले पुसून टाकते. कवितेत व गाण्यात बंगाल ही एक भुकेली माता झाली. मदतनिधीसाठी ते आवश्यकही असेल. पण मेले ते बंगाल नव्हे. मेले ते बंगालमधील विशिष्ट लोक, आणि त्यांच्या शेजारी त्याच जिल्ह्यात भाताच्या भावावर सुखावलेले लोकही होते. जे समाजात आधीच अनाम होते ते चित्रातही अनाम राहिले, ही गोष्ट जानांच्या सहानुभूतीचा दोष म्हणून सांगत नाही. साधनाची मर्यादा म्हणून सांगतो.

पुढील वर्षांची हकीकत थोडक्यात देतो. १९४५ च्या अखेरीस साप्ताहिकाचे नाव ‘पीपल्स एज’ झाले. १९४६ मध्ये ‘लाइफ’ या अमेरिकन नियतकालिकाच्या छायाचित्रकार मार्गारेट बर्क-व्हाइट भारतात आल्या, तेव्हा दक्षिणेतील दुष्काळी भागात जाना त्यांच्याबरोबर हिंडले. एकाच वेळी, एकाच प्रदेशात, एकाने पक्षाच्या साप्ताहिकासाठी व दुसरीने लक्षावधी प्रतींच्या सचित्र नियतकालिकासाठी काम केले; या दोहोंचा तौलनिक अभ्यास कोणी विद्यार्थ्याने जरूर करावा. १९४८ मध्ये पक्षाची सूत्रे जोशींच्या हातून गेली आणि त्यांच्या निकटचे म्हणून जानांचाही पक्षाशी संबंध संपला. ते कलकत्त्यास परतले. १९४९ मध्ये निघालेल्या ‘द सेकंड क्रीचर’ या त्यांच्या चित्रसंग्रहाची सजावट सत्यजित राय यांची होती. त्यानंतर त्यांनी पोलादाचे कारखाने, खाणी व तेथील कामगार यांची चित्रे काढली आणि आदिवासी प्रदेशांतून विपुल काम केले. त्यांच्या आदिवासी चित्रांविषयी आमचे मत काहीसे प्रतिकूल आहे. देहाचे सौष्ठव व नृत्याची लय यांत ती इतकी रमतात की ज्या जंगल-कायद्यांखाली व सावकारीखाली ते देह राबत होते त्यांची चाहूल क्वचितच लागते. दुष्काळाच्या चित्रांत जी अस्वस्थता आहे ती येथे ओसरली आहे.

दुष्काळचित्रांचे उत्तरायुष्य अधिक बोधप्रद आहे. ती पुन:पुन्हा छापली गेली, आणि अनेकदा जानांचे नावही न देता. ज्यांचे चित्र ते अनाम आणि ज्याने काढले तोही अनाम, अशा अवस्थेत चित्र कोणत्याही दुष्काळाला चिकटविता येते. ही अडचण इतिहासकारांच्या आधी एका चित्रपट-दिग्दर्शकाच्या ध्यानात आली, हे कबूल केले पाहिजे. दुष्काळावर ‘धरती के लाल’ हा ख्वाजा अहमद अब्बास यांचा बोलपट १९४६ मध्येच येऊन गेला होता. परंतु मृणाल सेन यांच्या १९८० मधील ‘आकालेर संधाने’ या बंगाली चित्रपटाचा विषय खुद्द दुष्काळाचे चित्रण हाच आहे. एक चित्रपट-मंडळी १९४३ चा दुष्काळ चित्रित करण्यासाठी एका खेड्यात येऊन राहते. मंडळींतील नटीची भूमिका आपल्या स्मिता पाटील यांनी केली आहे. एका प्रवेशात ही मंडळी फावल्या वेळात खेळ खेळतात : उपासमारीची छायाचित्रे एकेक करून दाखवावयाची व साल ओळखावयाचे. कोणी १९४३ म्हणतो आणि चित्र निघते १९७१ चे. हसतखेळत चाललेल्या या प्रवेशात प्रेक्षक अवघडून जातो. आम्हाला त्यात एक उत्कृष्ट साधनचिकित्सेचा पाठ दिसतो. वर्गात तो अवश्य दाखवावा.

जाना १९९८ मध्ये न्यूयॉर्क येथील प्रदर्शनामुळे पुन्हा चर्चेत आले. तोपर्यंत त्यांचे वास्तव्य परदेशात होते. २०१२ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळाले आणि त्याच वर्षी २१ जून रोजी कॅलिफोर्नियात बर्कली येथे त्यांचे निधन झाले. त्यांची चित्रे आज पुस्तकरूपाने सहज पाहावयास मिळतात, ही सोय मोठीच आहे. पण पुस्तकातील चित्र ही नक्कल आहे, आणि नकलेवर थांबू नये हे आपल्याकडे जुनेच शिकविलेले आहे. साप्ताहिकाच्या अंकातील छपाई, त्याखालचा मजकूर, अंकाची तारीख, त्या आठवड्यातील जोशींच्या दौऱ्याची नोंद, आणि त्याच गावी चित्तप्रसाद गेले असल्यास त्यांच्या रेखाटनावरील नाव, हे सर्व एकमेकांशेजारी मांडले तर काही चित्रांचे निदान गाव तरी ठरविता येईल, असा आमचा अदमास आहे. एखाद्या चित्रातील माणसाचे नावही कदाचित हाती लागेल. हे काम कष्टाचे आहे व त्यास बंगाली येणे आवश्यक आहे. आपल्या विभागातील ज्या विद्यार्थ्यांनी मुंबईच्या कामगार-चळवळीवर प्रबंध हाती घेतले आहेत, त्यांना ‘पीपल्स वॉर’चे व ‘लोकयुद्ध’चे अंक तसेही चाळावेच लागतील, त्यांनी चित्र असलेल्या प्रत्येक पानाची वेगळी टिपणे ठेवावीत.